सुमनताईंना ताप नव्हता

“अकरा मुलींना टायफॉईड आणि पाण्याचा रिपोर्ट क्लिअर. आता?” सरांनी फाईल माझ्याकडे सरकवली.

मी तेव्हा महापालिकेच्या आरोग्य विभागात डॉक्टर होते. डोंबिवलीतलं नोकरदार मुलींचं हॉस्टेल. पाणी नाही, तर जेवण. कोणी काय खाल्लं, हे मी मुलींना विचारत बसले. आजारी पडलेल्या सगळ्यांनी कोशिंबीर खाल्ली होती. ती कालवायच्या सुमनताई. साठीच्या, शीळफाट्याजवळच्या गावातल्या. त्यांच्या शौचाच्या तपासणीत टायफॉईडचे जंतू निघाले.

“मना ताप नाय, काय नाय,” त्या म्हणाल्या.

खरंच होतं ते. अशा माणसाला आम्ही कॅरिअर म्हणतो. जंतू पित्ताशयात दडून बसतात. त्याला स्वतःला त्रास नसतो, पण हातावाटे ते दुसऱ्याच्या ताटात जातात.

सर म्हणाले, “कोविडमध्ये ठेवत होतो तसं वॉर्डात ठेवा.”

“किती दिवस?”

“निगेटिव्ह येईपर्यंत.”

“आणि नाहीच आल्या तर?”

शंभर वर्षांपूर्वी परदेशात एका स्वयंपाकिणीला याच कारणासाठी मरेपर्यंत बेटावर ठेवलेलं. कॉलेजात ते शिकताना मला योग्यच वाटलेलं.

“घरीच राहू देत, सर. महिनाभर गोळ्या, साबणाने हात धुणं आणि स्वयंपाक बंद. जबाबदारी माझी.”

त्यांच्या घरी जाऊन मी सुमनताईंना सगळं समजावलं. त्या म्हणाल्या, “डॉक्टरबाई, माझा नातू दोन वरसांमागं याच तापानं गेला. त्याला मीच भरवायची.”

“ते आता सांगता येणार नाही, ताई.”

खरंच येत नव्हतं. पण ‘तुमच्यामुळे नाही’ असंही मला म्हणता आलं नाही.

आठवड्याने त्यांच्या सुनेचा फोन आला. “मॅडम, आई आतून कडी लावून बसतात. ताट दाराबाहेर ठेवायला लावतात. माझ्या धाकट्या लेकीला जवळसुद्धा येऊ देत नाहीत.”

मी गेले. बऱ्याच विनवण्यांनंतर दार उघडलं. मोरीवर आम्ही दोघींनी हात धुतले. माझे धुऊन झाले तरी त्या चोळतच होत्या.

“पुरे. आता घ्या तिला.”

त्यांनी नातीला मांडीवर घेतलं. हात मात्र पाठीमागे धरून ठेवले.

गोळ्यांचा कोर्स संपल्यावर काही काळाने तीन तपासण्या केल्या. तिन्ही निगेटिव्ह. हॉस्टेलने परत बोलावलं, पण त्या गेल्या नाहीत. मुली सगळ्या बऱ्या झाल्या, केस बंद झाली.

तेव्हापासून कोणालाही कॅरिअर असल्याचं सांगण्याआधी मी एक प्रश्न विचारते: घरात कोणी या तापाने गेलंय का? फॉर्मवर त्याला रकाना नाही.