मामांचं परत जाणारं कोहळं

मी कोहळ्यावर कोयता हाणला आणि कोहळ्यातून बार निघाला. आधी आवाज, मग जळका वास, मग सासूबाईंच्या मागे ठेवलेला पाण्याचा पितळी गुंड भळाभळा गळायला लागला. सासूबाई माझ्यासमोर बसून अंबाडी खुडत होत्या. त्यांनी आपल्या लुगड्याकडे पाहिलं. पोटरीपाशी ते लाल होत चाललं होतं. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. माझ्या हातात कोयता, कोयत्याला कोहळ्याच्या बिया, आणि खाली दोन फाकांच्या मधे फाटक्या मेणकापडात एक काळं पिस्तूल. मला वाटलं, आता या पडतात. त्या आधी बोलल्या. म्हणाल्या, "सांगतलं होतं नं तुले, बाईनं अख्खं कोहळं फोडू नये म्हून!" आणि मग पडल्या.

ते पिस्तूल माझ्या मामेसासऱ्यांचं, म्हणजे सासूबाईंच्या धाकट्या भावाचं. नवरा त्यांना मामा म्हणायचा, म्हणून मीही मामा म्हणायची. साऱ्या वऱ्हाडात सरकारचा कायदा मनापासून पाळणारा एकच माणूस होता आणि तो माझ्या नशिबी आला. इंग्रजाच्या राज्यात चोर पाहिले, दारू गाळणारे पाहिले, त्यांच्यापासून माझ्या घरातल्या कोणाला खरचटलंसुद्धा नाही. गोळी लागली ती या कायदेवाल्या माणसामुळे.

परतवाड्याजवळ, मेळघाटाच्या पायथ्याशी मामांचा मळा होता. वांगी, कोहळी म्हणजे लाल भोपळे, थोडी संत्री. जंगलखात्याच्या एका गोऱ्या साहेबाच्या बंगल्यावर ते रोज भाजी पोचवायचे. साहेब विलायतेला परत निघाला तेव्हा त्यानं आपलं सामान वाटून टाकलं. खानसाम्याला पलंग दिला, धोब्याला खुर्च्या दिल्या आणि मामांना पिस्तूल दिलं. मामांना खरं म्हणजे साहेबाचं कुत्रं पाहिजे होतं. पण साहेबाला नाही कसं म्हणावं, म्हणून त्यांनी हात जोडून पिस्तूल घेतलं. साहेबानंच डिप्टी कमिशनरकडे शब्द टाकून परवानाही करून दिला. त्या काळी साध्या बंदुकीचा परवाना मागता मागता शेतकरी म्हातारे व्हायचे आणि डुकरं शेत खाऊन जायची. यांना न मागता पिस्तुलाचा मिळाला.

मामांना इंग्रजी येत नव्हतं. कचेरीबाहेर बसणाऱ्या अर्जनवीसाकडून त्यांनी तो कागद तीनदा वाचून घेतला आणि पोथीसारखा पाठ केला. शस्त्र जत्रेत, मिरवणुकीत, जमावात नेऊ नये. दुसऱ्याच्या हाती देऊ नये. जिल्ह्याबाहेर नेऊ नये. हरवलं तर ताबडतोब ठाण्यात खबर द्यावी. बाकीचे परवानेवाले हे ऐकून घरी जात आणि विसरत. मामांनी त्याच्यावर संसार उभा केला. बहिरमच्या जत्रेला ते अलीकडच्या नाल्यापर्यंतच जायचे. मामी एकट्या आत जाऊन नवस फेडून यायच्या आणि मामा नाल्याच्या काठावर बसून रोडगे खायचे. माझा नवरा एकदा म्हणाला, "मामा, एक दिवस घरी ठेवून द्या नं ते." मामा त्याच्याकडे असे पाहायला लागले की जणू त्यानं गाय मारायला सांगितली. "घरी ठेवलं म्हंजे तुह्या मामीच्या ताब्यात गेलं. मामीच्या नावाचं लायसन कुठी हाय?"

याच्यापायी ते भाचीच्या लग्नाला आले नाहीत. माझ्या थोरल्या नणंदेचं लग्न अकोल्याला होतं. मुलीच्या पाठीशी मामा उभा राहतो, ही आपली रीत. मामा अचलपुरातून मूर्तिजापूरच्या छोट्या गाडीत बसलेही. पण परवाना अमरावती जिल्ह्यापुरता, आणि मूर्तिजापूर अकोला जिल्ह्यात. दर्यापूर आलं तसे मामा उतरले. मामींना म्हणाले, "तू जाय, मी अठूनच उभा राह्यतो." आणि खरंच राहिले. मुहूर्ताच्या वेळी फलाटावर अकोल्याकडे तोंड करून त्यांनी अक्षता टाकल्या. स्टेशनमास्तरानं विचारलं, हे काय चाललं आहे, तर म्हणाले, "लगन हाय." इकडे मांडवात नणंदेच्या पाठीशी शेजारचा एक पोस्टमन उभा करावा लागला. सासूबाई वर्षभर भावाशी बोलल्या नाहीत.

पिस्तूल ते कोटाखाली उजव्या कुशीला लपवायचे, मामींनी शिवलेल्या जाड पिशवीत. त्या वजनानं त्यांचं चालणं उजवीकडे झुकलेलं झालं होतं. लपवलेलं पिस्तूल साऱ्या गावाला माहीत होतं. पाणी भरायला निघालेल्या बाया विचारायच्या, "का जी, कंबर काहून वाकडी झाली?" मामा चिडून म्हणायचे, "काही नाई हाय तठी!" आणि दोन्ही हातांनी नेमकी तीच बाजू झाकायचे.

त्यांनी ते कधी उडवलं मात्र नाही. साहेबानं दिलेल्या सहा गोळ्या, सहाही आत भरलेल्या. दसऱ्याला ते पिस्तूल पुसायचे, हळदकुंकू लावायचे आणि परत पिशवीत ठेवायचे. एकदा मळ्यात रानडुक्कर अंगावर आलं तर मामा कडुलिंबावर चढले, पिस्तूल कुशीला तसंच. खाली उतरल्यावर मामींनी विचारलं, "मंग हे कायले बाळगता?" मामा म्हणाले, "डुकरापायी एक गोळी उडवली अन् साहेबानं हिसेब इचारला, त चार पानं लिवून द्या लागते. झाडावर चढाले कागद लागत नाई."

दरसाल एकदा परवाना नवा करायला आणि पिस्तूल दाखवायला त्यांना अमरावतीला यावं लागे. आदल्या दिवशी ते परतवाड्याहून मोटारीनं यायचे आणि आमच्याकडे मुक्काम करायचे. येताना पोतंभर भाजी आणायचे, त्यात हात आखडता नव्हता. वांगी द्यायचे, संत्री द्यायचे, मिरच्या द्यायच्या. पण एक मोठं पिवळंधमक कोहळं ते पोत्यात न घालता मांडीवर घेऊन यायचे आणि ते काही आम्हाला द्यायचे नाहीत. ते उशाशी घेऊन झोपायचे. न्हाणीच्या दारात ठेवून आंघोळ करायचे आणि मधूनमधून दार किलकिलं करून पाहायचे. सकाळी तेच कोहळं घेऊन कचेरीत जायचे, संध्याकाळी तेच घेऊन परत यायचे आणि दुसऱ्या दिवशी तेच घेऊन गावाला जायचे. सासूबाईंनी याचा अर्थ लावला होता. "साहेबाले द्याले नेत असन. साहेब घेत नसन." पाच वर्षं आम्ही असं धरून चाललो की अमरावतीचा डिप्टी साहेब फार सचोटीचा आहे, दरसाल एक कोहळं परत करतो.

खरी गोष्ट आम्हाला नंतर कळली. मोटार म्हणजे जमाव, आणि जमावात शस्त्र दिसता कामा नये, असं मामांचं म्हणणं. शिवाय वाटेत कोणी चोरलं तर ठाण्यात खबर देता देता जन्म जायचा. म्हणून ते कोहळ्याची देठाकडची चकती कापायचे, आतला गर काढायचे, मेणकापडात गुंडाळलेलं पिस्तूल आत घालायचे, चकती परत बसवून वरून चिकणमाती फासायचे. शेतातल्या कोहळ्याला माती असायचीच. पेटी उघडतात, गाठोडं उघडतात, पण कोहळं कोण उघडतो? घरात बाया त्याला हात लावणार नाहीत, कारण पुरुषाचा हात लागल्याशिवाय बाई अख्खं कोहळं फोडत नाही. आणि आमच्या घरचा पुरुष स्वयंपाकघरात कधी यायचा नाही. एवढा विचार करून त्यांनी ती जागा शोधली होती. माझा विचार तेवढा केला नव्हता.

सहाव्या वर्षी माझं डोकं फिरलं. भाच्याच्या घरी कोहळं आणायचं आणि परत न्यायचं, ही काय रीत झाली? मी ठरवलं, याची गूळ घालून बोंडं तळायची आणि मामांच्याच ताटात वाढायची. त्या सकाळी मामा ओट्यावर हजामतीला बसले होते. साहेबासमोर जायचं म्हणून दरसाल न्हावी बोलवायचे. न्हाव्याच्या पुढ्यात कोहळं मांडीवर घेऊन कसं बसणार? म्हणून त्यांनी ते स्वयंपाकघराच्या दारात वांग्यांजवळ ठेवलं. मी उचललं. वजन बरं लागलं. मनात म्हटलं, गर चांगला आहे.

सासूबाई म्हणाल्या, "नवऱ्याले येऊ दे वो. त्याच्या हातून पयले फोडून घे."

"ते कापसाच्या जिनात गेले. संध्याकाळी येतीन."

"मंग माह्या भावाले हाक मार."

"मारते. अन् त्यायनं कोहळं उचलून नेलं म्हंजे?"

सासूबाई म्हणाल्या, "तुले ऐकाचंच नसते." माझं आणि त्यांचं सात वर्षं असंच चाललं होतं. साऱ्या आळीला ते ऐकू जायचं. मी कोयता उचलला आणि तो नेमका पिस्तुलाच्या घोड्यावर बसला.

बार ऐकून शेजारीण भिंतीवरून डोकावली आणि साऱ्या आळीत ओरडत सुटली, "सुनेनं सासूले गोळी मारली वो माय!" मामा धावत आत आले. अर्ध्या तोंडावर साबण, अर्धं तोंड साफ. त्यांनी पिस्तुलाकडे पाहिलं नाही. ते थेट बहिणीपाशी बसले, डोक्याचं पागोटं सोडून तिची पोटरी करकचून बांधली आणि तोंडानं "बाई, ओ बाई" एवढंच म्हणत राहिले. मामा रडताना मी तेव्हाच पाहिले. साबण डोळ्यात गेला असं ते नंतर म्हणायचे.

टांगा यायच्या आधी ठाण्यातला जमादार आला. शेजारणीनं त्याला दारातच सारं सांगून टाकलं होतं. सासूबाईंना बाजेवर ठेवलं होतं, डोळे मिटलेले. त्या गेल्या तर मला फाशी, राहिल्या तरी तुरुंग, हे मला चारच बुकं शिकूनही कळत होतं. कोहळ्यातून गोळी आली, हे कोण मानणार?

जमादारानं विचारलं, "कोणाच्या हातून सुटली?"

मी तोंड उघडलं. मामा माझ्या पुढे येऊन उभे राहिले. "माह्या हातून."

"तुमी त ओट्यावर हजामत करून राह्यले होते. हा न्हावी सांगून राह्यला."

"न्हावी खोटं बोलते."

न्हावी वस्तरा हातात घेऊन दारातच उभा होता. त्यानं एकदा मामांकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे पाहिलं. म्हणाला, "होय जी. मी खोटं बोलतो."

"अन् अर्धी दाढी?"

"मधूनच उठलो," मामा म्हणाले. "पिस्तूल साफ कराचं राह्यलं होतं."

जमादार बाजेपाशी गेला. "आजीबाई, गोळी कोणी मारली?"

सासूबाईंनी डोळे उघडले. आधी भावाकडे पाहिलं. त्याचं लायसन म्हणजे त्याचा जीव, हे त्यांच्याइतकं कोणाला माहीत नव्हतं. मग माझ्याकडे पाहिलं. सात वर्षांतलं माझं एकेक उलट उत्तर त्यांना त्या वेळी आठवलं असेल. मग म्हणाल्या, "भावाच्या हातून सुटली. लहानपनापासून धांदरटच हाय तो." जमादार कागद लिहायला बाहेर गेला तशा मला जवळ बोलावून हळूच म्हणाल्या, "माह्या मेल्यावरही माह्यापुढं कोहळं फोडू नको."

दवाखान्यात टाके पडले. गोळी मांसातून आरपार गेली होती, हाड वाचलं. मामांना डिप्टी साहेबापुढे उभं केलं. जन्मात पहिल्यांदा ते सरकारपुढे खोटं बोलले आणि तेही साहेबाच्या तोंडावर. दंड झाला, परवाना रद्द झाला, पिस्तूल पाच गोळ्यांसकट मालखान्यात जमा झालं. सहाव्या गोळीसाठी चार पानं शेवटी लिहून द्यावी लागलीच. अर्जनवीसानं लिहिली आणि मामांनी अंगठा उठवला. सही येत होती, पण त्या कागदाखाली त्यांनी ती केली नाही.

मी एकदा त्यांना विचारलं, "मामा, माह्यासाठी काहून खोटं बोलले?" ते म्हणाले, "कागदात असं लिवलं हाय का दुसऱ्याच्या हाती देऊ नये. तुह्या हाती कोणी देलं? म्या. मंग गोळी कोणाची?" त्यांच्या हिशेबानं ते खोटं बोललेच नव्हते.

दोन वर्षांनी धाकट्या नणंदेचं लग्न अकोल्यालाच झालं. मामांना घ्यायला आम्ही आधी अचलपूरला गेलो आणि तिथून सगळे त्याच छोट्या गाडीत बसलो. दर्यापूर आलं तसे मामा सवयीनं उठले आणि पिशवी उचलून दाराशी गेले. नवऱ्यानं कोटाला धरून त्यांना खाली बसवलं. गाडी सुटली तेव्हा ते खिडकीतून त्या फलाटाकडे पाहत होते. कोटाखाली काही नव्हतं, तरी उजव्या बाजूला झुकूनच बसले होते. मांडवात भाचीच्या पाठीशी उभे राहिले तेही तसेच झुकून. ते झुकणं अखेरपर्यंत गेलं नाही.

कोहळं मात्र ते दरसाल आणत राहिले. आता अमरावतीत काही काम नसायचं तरी यायचे. कोहळं माझ्या पुढ्यात ठेवायचे, त्यावर आधीच सुरीनं एक चीर दिलेली असायची. म्हणायचे, "सूनबाई, पुरुषाचा हात लावून आनलं हाय. आता फोड." सासूबाई लंगडत उठून दुसऱ्या खोलीत जायच्या. घरात नवी सून आली की त्या लुगडं वर करून पोटरीवरचा वण दाखवायच्या आणि सांगायच्या, बाईनं अख्खं कोहळं फोडलं की असं होतं. माझं नाव घ्यायच्या नाहीत.

मामा गेले त्या वर्षी कोहळं आलं नाही. मी बाजारातून आणलं आणि तीन दिवस तसंच ठेवलं. मग कोणाची वाट न पाहता फोडलं. आत बियाच होत्या.

सासूबाई त्या गोळीनंतर एकवीस वर्षं जगल्या. मी अजून आहे. त्या सकाळी त्या स्वयंपाकघरात आम्ही दोघीच होतो. दोघीही वाचलो.