चर्चा करावी

आरोग्य खात्यातल्या त्या हेडक्लार्कला सगळे पाठीमागे ‘चर्चासाहेब’ म्हणत. फाइल कुठलीही असो, शेरा ठरलेला : ‘चर्चा करावी.’ सरकारी काम अन् सहा महिने थांब म्हणतात. इथे सहा महिने नुसते चर्चेलाच लागायचे, आणि ती चर्चा कुणी कधी करायचं नाही.

बायको जाऊन सहा वर्षं झाली होती. मुलगा परदेशी. त्याचा रविवारचा फोन ‘जेवलात का?’वर सुरू व्हायचा आणि ‘बरं, ठेवतो’वर संपायचा. घर खायला उठायचं, म्हणून साहेब सुट्टीच्या दिवशीही ऑफिसात येऊन बसायचे.

दोन वर्षांपूर्वी एका मंगळवारी एक नर्सबाई निकालाची प्रत घेऊन आल्या. खोट्या तक्रारीवरून त्यांना कामावरून काढलं होतं. आठ आठवड्यांत परत घ्या, असं कोर्टानं खात्याला बजावलं होतं.

“भाऊ, एवढं बघाल का?” त्या म्हणाल्या.

साहेबांनी खुर्ची दिली, चहा मागवला. तेव्हापासून बाई दर मंगळवारी येऊ लागल्या. फाइलची चौकशी दोन मिनिटांत आटपायची. मग वॉर्डातल्या गोष्टी निघायच्या. टाके घालताना डॉक्टरच कसा भोवळ येऊन पडला, हे सांगून त्यांनी साहेबांना पोट धरून हसवलं होतं. साहेब मंगळवारी इस्त्रीचा शर्ट घालायला लागले.

आदेशाचा मसुदा तयार होता. त्यांनी फाइल वर पाठवायची, संचालकांनी सही करायची, की झालं. पण मग बाई कशाला येतील? साहेब फाइल उघडायचे, मसुदा वाचायचे आणि लिहायचे : ‘चर्चा करावी.’ माणूस वाईट नव्हता हो, एकटा होता. पण त्यांच्या एकटेपणाची शिक्षा भोगत होत्या बाई.

एका मंगळवारी बाई संकोचत म्हणाल्या, “भाऊ, वकील अवमान याचिका लावताहेत. तुमच्यावर नाही हं. साहेबलोकांवर.”

कोर्टानं संचालकांना जातीनं हजर राहायला सांगितलं, तेव्हा त्यांच्या तोंडचं पाणी पळालं. फाइल घेऊन चर्चासाहेब मागे उभे राहिले. न्यायमूर्तींनी एकेक पान उलटलं.

“एकोणीस वेळा ‘चर्चा करावी’. हे कुणी लिहिलं?”

“मी.”

“चर्चा कुणाशी झाली?”

साहेबांना खोटं बोलता येईना. “यांच्याशीच,” ते बाईंकडे बघून म्हणाले. “दर मंगळवारी.”

कुणीतरी हसलं. बाई हसल्या नाहीत. त्या साहेबांकडे बघत राहिल्या, आणि हळूहळू त्यांना सगळा उलगडा झाला.

संचालकांनी माफी मागितली, तिथल्या तिथे आदेशावर सही केली. बाहेर व्हरांड्यात साहेबांनी हात जोडले.

“निवृत्तीला चार महिने राहिलेत माझ्या,” बाई म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. “नुसतं ‘या’ म्हणाला असतात ना भाऊ, तर ड्युटी सुटल्यावरही आले असते.”

त्या जिना उतरून गेल्या. पुढच्या मंगळवारी साहेबांनी इस्त्रीचा शर्ट घातला, आणि शिपायानं चहा विचारला तेव्हा सवयीनं दोन सांगितले.