शाल कोणत्या रंगाची?

मागच्या सोमवारी ऑफिसात आमचे हेडक्लार्क भोयर काका टेबलाशी आले आणि हळूच म्हणाले, "मॅडम, तुम्हाले शाल कोणत्या रंगाची आवडते?"

नागपूरच्या उन्हाळ्यात शाल! आमच्याकडे शाल एकाच कारणासाठी निघते, ती म्हणजे निरोप समारंभ. शाल, नारळ, आलूबोंडा आणि पोकळी निर्माण झाल्याचं भाषण... आणि मी तर कुठेच जाणार नव्हते.

मी मूळची वीज खात्यातली. या सरकारी ऑफिसात प्रतिनियुक्तीवर आलेय, म्हणजे नोकरी तिकडची आणि काम इकडचं. मुक्कामी आलेल्या पाहुण्यासारखं असतं ते... चहा मिळतो, कपाटाची किल्ली मिळत नाही.

"काहून विचारता काका?" मीही त्यांच्याच भाषेत विचारलं. "काही नाही, तसंच विचारून राहिलो," म्हणाले आणि गेलेसुद्धा. माझी मुदत संपायला अजून वर्ष होतं.

मग मला सगळंच दिसायला लागलं. मी आत गेले की बोलणं थांबायचं, माझ्या फायली दुसऱ्या टेबलावर जायला लागल्या होत्या. सगळ्यात जास्त संशय भोयर काकांवरच... साहेबांचा उजवा हात तो! स्वतःच काडी लावली असेल आणि वर रंग विचारतोय, असं वाटून अंगाचा नुसता तिळपापड झाला.

घरी नवऱ्याला सांगितलं. तो म्हणाला, "घाबरून काहून राहिली वं? सरळ साहेबाले विचार ना."

दुसऱ्या दिवशी विचारलं. साहेब फाईलमधून मान वर न करता म्हणाले, "तुमच्याबद्दल तक्रार आहे. प्रतिनियुक्तीवरच्या माणसाला केव्हाही परत पाठवता येतं." कसली तक्रार ते सांगेनात.

परत जायला माझी ना नव्हती हो. पण तक्रारीवरून परत आली, हा शिक्का घेऊन गेले असते तर तिकडचं प्रमोशन गेलंच म्हणून समजा. बारा वर्षांच्या नोकरीत कुणी बोट दाखवलं नव्हतं... म्हणून लेखी अर्ज दिला. परत पाठवा, पण कारण तक्रार असेल तर ती आधी मला सांगा आणि माझं म्हणणं ऐकून घ्या, एवढंच लिहिलं.

शुक्रवारी बोलावलं. साहेबांनी तक्रार वाचून दाखवली, खाली सही कुणाचीच नाही. मॅडम इथली माहिती मूळ खात्याला पुरवतात. पुरावा काय, तर रोज संध्याकाळी त्या खात्याच्या स्टाफ बसने जातात आणि तिथल्या एका अधिकाऱ्याशेजारी बसून सारखं बोलत असतात.

मला हसावं की रडावं कळेना. म्हटलं, "सर, मी कोराडीच्या कॉलनीत राहते, ती बस तिकडेच जाते. आणि तो अधिकारी माझा नवरा आहे."

साहेब म्हणाले, "हे आधी नाही का सांगायचं?"

"आधी कुणी विचारलंच नाही, सर."

परत पाठवायचं थांबलं. मुदत पूर्ण होईपर्यंत मी इथेच. सॉरी कुणी म्हटलं नाही, तक्रार कुणी केली तेही कळलं नाही. बसमध्ये आता आम्ही दोघं घरच्या भाजीबद्दल बोलतानासुद्धा मी आधी मागे कोण बसलंय ते बघते.

त्याच शुक्रवारी संध्याकाळी भोयर काकांना गाठलं. "काका, शालीचं मुद्दाम विचारलं होतं ना?"

"मी कुठं काय बोललो? मी तं रंग विचारला," म्हणाले आणि कपाट उघडलं. आत गांधीबागेच्या कापड बाजारातून आणलेली मरून शाल, पिशवीसकट. "राहू द्या आता वर्षभर. सगळ्यायनं वर्गणी देल्ली हाय, वाया नाही जात."

सगळ्यांनी... म्हणजे शेजारच्या टेबलवालीनं, माझ्या डब्यातली भाजी रोज खाणाऱ्या दोघींनी, सगळ्यांनीच. माहीत सगळ्यांना होतं. रंग मात्र एकट्या भोयर काकांनी विचारला.