नवसाच्या मलिद्यातला खजूर

ओल्या पोह्यांत वेलचीची पूड पडली की मला टोरंटोच्या स्कारबरो भागातलं ते घर आठवतं. मी बेसमेंटमध्ये भाड्याने राहायचो; वर घरमालकीण मावशी, अलिबागकडच्या बेने इस्राएल, म्हणजे मराठी ज्यू आईबापांची, जन्मलेली इस्राएलात, मराठी मात्र माझ्याहून खणखणीत. तिचा नातू इस्राएलच्या सैन्यातून लेबनॉनच्या सीमेवर लढत होता आणि कोपऱ्यावरच्या ग्रोसरीवाल्या लेबनीज काकांची आई सीमेपलीकडच्या गावात बॉम्बखाली अडकली होती. दोघांनी एकमेकांशी बोलणंच टाकलं होतं. युद्धबंदी झाली, नातू सुखरूप घरी पोचला आणि मावशीने नवसाचा मलिदा, त्यांच्यातला गोड पोह्यांचा प्रसाद, करायला घेतला. पोहे, खोबरं, गूळ, फळं, सगळं होतं. नेमका खजूर संपलेला. "त्याच्याकडचा आणू नकोस," तिने बजावलं. मी मुद्दाम तिथेच गेलो. खजूर कशाला, असं काकांनी विचारलं, तेव्हा सगळं सांगून टाकलं. ते म्हणाले, "माझी आईपण काल घरी पोचली." दुकान बंद करून, खजुराचा खोका घेऊन ते माझ्यासोबत बर्फातून निघाले. दार मावशीने उघडलं. काकांनी आईची बातमी सांगितली, तरी ती उंबऱ्यातच उभी. मग तिने खोका हातात घेतला आणि चक्क मराठीत म्हणाली, "बूट काढ, आत ये. आता नवस दोघांचा." काकांना भाषांतर लागलं नाही. दोन वाट्या मलिदा खाऊन वर म्हणाले, गोड कमी आहे! आज कॅल्गरीतल्या माझ्या नव्या घरी, कॅनडात कायम राहायचा परवाना, पीआर, मिळाल्याचा मलिदा आहे. गूळ मूठभर जास्तच घातलाय, कारण मावशी आणि काका दोघंही येताहेत, एकाच विमानाने.