सुतकात अंतराळ

सुतकात सिनेमा बघू नये, हे मला माहीत होतं. पण लेकीने वाढदिवसाला मैत्रिणींना अंतराळाचा नवा सिनेमा कबूल केला होता, आणि इथे अमेरिकेत, शुगर लँडमध्ये, गाडीशिवाय कोणी कुठे पोचत नाही.

नागपूरचे नानाकाका गेले होते. माझे वडील लवकर वारले, नानांनीच मला वाढवलं. आणि मी? व्हिसाचा स्टॅम्प संपलेला, देश सोडला तर परत येण्याची खात्री नाही! शेवटचा नमस्कार मोबाइलवरून केला. तोही धड नाही. चित्र सारखं गोठायचं. घाटावर सगळे रडताहेत आणि मी इकडून ओरडतोय, "हॅलो, दिसत नाहीये! फोन जरा डावीकडे घ्या!" (स्पीकर चालू होता.) डोळ्यांतून टिपूस आलं नाही. नानांची मुलगी सुमाताई म्हणालीच, "अमेरिकेत राहून दगड झालाय हा."

बायकोने तोडगा काढला. "तू फक्त ड्राइव्ह कर. आत बस, पण एन्जॉय करू नकोस."

"म्हणजे काय करू?"

"डोळे मीट!"

थ्रीडी चष्म्याआड डोळे मिटून बसलो. पण पडद्यावर असा काही धडाका झाला की उघडलेच! सोनेरी समुद्र, हवेत तरंगणारे बाजार, आणि दोन अंतराळ-हेर. मनगटावरचं बटण दाबलं की या ग्रहावरून त्या ग्रहावर! ना पासपोर्ट, ना स्टॅम्प, ना अपॉइंटमेंट! माझं सगळं लक्ष त्या बटणाकडे.

त्यातल्या एका हेराला लहानपणी एका जांभळ्या, तीन सोंडांच्या प्राण्याने सांभाळलेलं. तो आता मरायला टेकला होता. हेराने बटण दाबलं आणि थेट त्याच्या उशाशी पोचला.

"आलास?" म्हातारा एवढंच म्हणाला.

नाना स्टेशनवर घ्यायला यायचे, तेव्हा हेच म्हणायचे. मी फुटलो. हुंदका असा निघाला की पुढची रांग वळून बघायला लागली. चष्म्यात पाणी साचलं. नानांना घाटापर्यंत मी पोचवायला हवं होतं.

"बाबा, स्टॉप! इट्स जस्ट कॉम्प्युटर ग्राफिक्स!" लेक कुजबुजली.

तेवढ्यात मागून खांद्यावर हात आला. जोशीकाकू! सुतकाचं घर म्हणून सकाळीच पिठलं-भाताचा डबा देऊन गेलेल्या, त्याच!

"अरे, तू इथे? सुतकात?"

"काकू, मी... ड्रायव्हर आहे."

"बरं, रडू नकोस रे. नातू म्हणतो, पुढच्या भागात तो परत येतो."

यावर तर मी आणखीच रडलो.

बातमीला व्हिसा लागत नाही. ती त्याच दिवशी नागपूरला पोचली आणि सुमाताईचा फोन आला.

"माझ्या बाबांसाठी टिपूस नाही, आणि सिनेमातल्या जांभळ्या हत्तीसाठी धाय मोकलून रडलास म्हणे?"

खरं कारण सांगायला तोंड उघडलं आणि भलतंच बाहेर पडलं.

"हत्ती नव्हता गं तो," मी कसाबसा म्हणालो. "तीन सोंडा होत्या त्याला."