सातबारा खुशाल बघा

सकाळी अनोळखी एजंटाचा फोन आला. "ताई, सातबाऱ्यावर तुमचं नाव लागलंय. जमीन विकायची का?" ह्यांना जाऊन सात महिने झाले. वारस नोंद झाल्याचं मला त्या एजंटाकडून कळलं!

घाबरून पौडला सेतू केंद्रात गेले. तिथल्या बाई म्हणाल्या, "काकी, सातबारा कुणीबी बघतंय, पण त्यात फोन नंबर नसतोय. वारस नोंदीचा अर्ज कुणाला दाखवला व्हता का?"

मीच दाखवला होता. बरोबर भरलाय का विचारायला त्याचा फोटो इथं ग्रुपवर टाकला होता, नंबर आणि आधारसकट.

"लई हुशार हायसा!" म्हणत त्यांनी आधी ग्रुपवरचा फोटो काढून टाकायला लावला. मग सातबारा हातात दिला. "तुमीच वाचा." बाईंचे मनापासून आभार.

तुमच्याकडे तो फोटो असेल तर पुसाल ना? सातबारा मात्र खुशाल बघा. ह्यांचं नाव कंसात गेलंय, त्याखाली माझं आहे.