रंगवार घड्या

आमच्या इमारतीच्या जिन्याखाली इस्त्रीवाले मामा बसतात. माणूस कलावंत आहे, हीच काय ती अडचण. कपडे घरांप्रमाणे लावायचे सोडून ते रंगांप्रमाणे लावतात. फिकट निळ्यापासून गडद निळ्यापर्यंत गठ्ठा असा चढत जातो की बघत राहावं. मग वाटप होतं आणि तिसऱ्या मजल्याचा शर्ट पाचव्यावर पोचतो.

आमच्याकडे घर घ्यायचं ते शेजाऱ्याचं तोंड बघावं लागू नये म्हणून. मामांनी त्यावर पार पाणी फिरवलं. हातात परका शर्ट, समोर परकं दार, "हा तुमचा का हो?" आणि पुढे आत चहा.

तिसऱ्या मजल्यावर सेक्रेटरी एकटेच राहतात. त्यांचं पायपुसणंसुद्धा फरशीच्या रेघेवर असतं. त्यांनी मामांना सोसायटीच्या बैठकीत उभं केलं.

"ठराव असा: प्रत्येक कपड्याला घराच्या नंबराची चिठ्ठी टाचा. आता मामांची एक जरी चूक झाली, तरी जागा खाली."

"बरं साहेब," मामा म्हणाले. "पण आत्ता तुमच्या अंगात पाचव्यावरच्या काकूंच्या जावयाचा शर्ट आहे. तो कधी न्यायला येऊ?"

सेक्रेटरींनी बैठक लगेच संपवली.

मामांनी इमानाने चिठ्ठ्या टाचल्या. इमारतीतल्या दारांवरच्या घंटा मुक्या झाल्या. लोक पुन्हा लिफ्टमध्ये छताकडे बघू लागले. आणि एके दिवशी सेक्रेटरींचा शर्ट पाचव्यावर गेला. काकू तो घेऊन खाली आल्या. "अहो, कॉलरची काय दशा करून घेतलीय ही? आणा इकडे सुईदोरा." काकूंचं शिवण चांगलं दोन चहा चाललं.

दुसऱ्या दिवशी शर्ट पुन्हा पाचव्यावर. मामांचा धीर सुटला. इस्त्री गार करून ते गाठोडं बांधू लागले.

तेवढ्यात सेक्रेटरी तपासणीला आले. हल्ली ते रोज सकाळी गठ्ठे तपासायचे.

"निघतो साहेब. मी स्वतः टाचलेली चिठ्ठी जाते कुठे, तेच कळत नाही." बोलता बोलता मामांची नजर थबकली. "साहेब, तुमच्या खिशातून टाचणी बाहेर आलीय. जपा, टोचेल. चिठ्ठीही आहे वाटतं तिला."

सेक्रेटरींनी खिशावर हात ठेवला आणि घसा साफ केला.

"ठराव मामांच्या चुकीबद्दल आहे. इतरांनी केलेल्या चुकीबद्दल त्यात एक अक्षर नाही. गाठोडं सोडा, इस्त्री तापवा."

वर जाताना त्यांनी हातातला दुसरा शर्ट अलगद निळ्या गठ्ठ्यात सरकवला. एक बटण तुटलेला.